‘कुत्रं बांधलंय का?’

सकाळचे साडेआठ वाजले असतील. आमच्याकडे पोळ्या करायला येणाऱ्या मावशी पाचव्या मजल्यावर लिफ्टमधून बाहेर पडत होत्या आणि समोरच्या फ्लॅटमधला रॉटवायलर खाली जाण्यासाठी लिफ्टच्या दाराशी उभा होता. त्याचा पट्टा वॉचमनच्या चौदा वर्षांच्या मुलाच्या हातात. मालक नवराबायको दोघंही नोकरीला, म्हणून सकाळ-संध्याकाळ कुत्र्याला फिरवायचं काम या पोराला दिलेलं. कुत्रा वजनाने त्या पोरापेक्षा भारी होता. दार सरकलं, मावशींच्या हातातली पिशवी कुत्र्याच्या तोंडासमोर हलली आणि त्यांचा उजवा हात कोपराखाली त्याच्या जबड्यात गेला. मी आरडाओरडा ऐकून बाहेर आले तेव्हा तो मुलगा जीव खाऊन पट्टा ओढत होता, आणि तो ओढेल तसं मावशींचं मांस आणखी फाटत होतं.

नंतर बेसिनच्या नळाखाली त्यांचा हात धरून मी साबणाने जखम धुवत होते. पंधरा मिनिटं धुवायची असते, एवढं मला माहीत होतं. पाणी लाल, मग गुलाबी, मग पुन्हा लाल होत होतं. आणि मावशी एकच वाक्य बोलत होत्या, “ताई, पोळ्या राहिल्या.”

त्यांना अकरा दिवस काम करता आलं नाही. चार घरांपैकी दोन घरांनी त्या दिवसांचे पैसे कापले. इंजेक्शनांसाठी ठरलेल्या तारखांना त्या एकट्या रिक्षाने जाऊन आल्या. कुत्र्याच्या मालकाने औषधांचा आणि रिक्षाचा खर्च दिला, आणि तो मनापासून म्हणाला, “तो असा नाहीये हो. पहिल्यांदाच झालं.”

पुढच्या रविवारी सोसायटीची बैठक झाली. एक बाजू म्हणत होती की ही जातच वाईट, असली कुत्री घरात ठेवायचीच कशाला. दुसरी बाजू म्हणत होती की कुत्र्याची कुठलीच जात वाईट नसते, वाईट असतात ती माणसं. दोन तास हे चाललं. मावशींचे बुडालेले पैसे कोण देणार, हा प्रश्न त्या दोन तासांत एकदाही निघाला नाही, आणि मीसुद्धा तो विचारला नाही. शेवटी ठराव झाला: इमारतीत रॉटवायलर आणि पिटबुल पाळायचे नाहीत. आठ महिन्यांनी बी विंगमध्ये एक पिल्लू आलं. पंजे पाहूनच कळत होतं की हे पन्नास किलोच्या पुढे जाणार. विचारलं तर उत्तर आलं, “मॅस्टिफ क्रॉस आहे.” म्हणजे मॅस्टिफ या दांडग्या जातीचा संकर. ठरावात ते नाव नव्हतं.

आमच्या इमारतीत जे झालं तेच देशात झालं आहे. १२ मार्च २०२४ रोजी केंद्राच्या पशुसंवर्धन विभागाने सगळ्या राज्यांना पत्र पाठवलं. माणसांच्या जिवाला धोकादायक अशा २३ जातींच्या कुत्र्यांची विक्री, पैदास आणि पाळण्याचे परवाने बंद करा, आणि ज्यांच्याकडे ती आधीपासून आहेत त्यांच्या कुत्र्यांचं निर्बीजीकरण करून घ्या, असं त्यात म्हटलं होतं. पत्रामागे कारण होतं. जुलै २०२२मध्ये लखनौत एका वृद्ध निवृत्त शिक्षिकेचा घरच्याच पिटबुलने जीव घेतला होता, त्यानंतरही ठिकठिकाणांहून हल्ल्यांच्या बातम्या येत राहिल्या, आणि लोक घाबरलेले होते. पण ती यादी नीट वाचली की काळजी वाटते. ‘तोसा इनू’ आणि ‘जपानी तोसा’ ही एकाच कुत्र्याची दोन नावं तिच्यात वेगवेगळी आहेत. ‘बोअरबोएल’ दोनदा आला आहे. आणि नुसतंच ‘टेरियर’ असंही लिहिलं आहे. टेरियर हा मोठा गट आहे. तीन किलोचा, केसांना रिबीन बांधून फिरवला जाणारा यॉर्कशायर टेरियरही त्यातच येतो. लोकांच्या जिवाशी संबंधित कागद इतक्या घाईने लिहायचा नसतो. एप्रिल २०२४मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयाने ते पत्र रद्द केलं, संबंधितांचं म्हणणंच ऐकून घेतलेलं नाही म्हणून. त्याच महिन्यात दिल्ली उच्च न्यायालयातही ते टिकलं नाही.

आणि विषय तिथेच थांबला. पत्र रद्द झालं, हल्ले थांबले नाहीत. ऑगस्ट २०२४मध्ये गोव्यात हणजुण्याला सात वर्षांचा एक मुलगा पिटबुलच्या हल्ल्यात गेला. त्यानंतर काही महिन्यांत गोवा सरकारने पिटबुल आणि रॉटवायलरवर बंदी आणण्याचा निर्णय घेतला. ज्या गावातलं मूल गेलं त्या गावाने बंदी मागितली तर त्यांना मी दोष देणार नाही. त्या आईसमोर उभं राहून आकडेवारी सांगण्याची माझी हिंमत नाही. पण हे पुन्हा घडू नये असं वाटत असेल तर यादीने ते साधेल का, हे बघायलाच हवं.

ब्रिटनने याचा अनुभव घेतला आहे. तिथे १९९१मध्ये धोकादायक कुत्र्यांविषयीचा कायदा आला. तोही एकापाठोपाठ एक झालेल्या हल्ल्यांनंतर, घाईघाईत. पिटबुल टेरियर, जपानी तोसा, डोगो आर्हेंटिनो आणि फिला ब्राझिलेरो अशा चार प्रकारांवर बंदी आली. पुढची तीस वर्षं कुत्रा चावल्यामुळे रुग्णालयात दाखल होणाऱ्यांची संख्या कमी होण्याऐवजी वाढत गेली. ज्यांना दांडगा, दरारा बसवणारा कुत्रा हवाच होता त्यांनी यादीत नसलेला कुत्रा आणला: अमेरिकन एक्सएल बुली. शेवटी ऑक्टोबर २०२३च्या अखेरीस तोही यादीत घालावा लागला, आणि इंग्लंड-वेल्समध्ये १ फेब्रुवारी २०२४पासून सवलतीच्या प्रमाणपत्राशिवाय तो पाळणं गुन्हा झालं. चाराचे पाच झाले. नेदरलँड्सने १९९३मध्ये पिटबुलवर घातलेली बंदी २००८मध्ये मागे घेतली, कारण चावे कमी झालेच नव्हते. इटलीने २००३मध्ये तब्बल ९२ जातींची यादी केली, मग ती १७वर आणली, आणि २००९मध्ये यादी सोडून देऊन जबाबदारी मालकावर टाकली.

आपल्याकडे तर आणखी एक अडचण आहे, ती कुत्र्यांच्या बाजारात वावरणाऱ्या कुणालाही विचारा. पिल्लू घेताना पहिला प्रश्न असतो, “विथ पेपर की विदाउट पेपर?” जातिवंत कुत्र्यांची नोंद ठेवणाऱ्या केनेल क्लबची नोंदणी असलेलं पिल्लू महाग, बिनकागदाचं स्वस्त. आपल्या शहरांतली किती तरी पिल्लं बिनकागदाचीच विकली जातात. मग समोरचा कुत्रा पिटबुल आहे की नाही, हे ठरवायचं कुणी आणि कशावरून? पिटबुल ही तर धड एक जातही नाही, दिसण्यावरून ओळखला जाणारा एक प्रकार आहे. ब्रिटनमध्ये त्यासाठी खास प्रशिक्षित पोलीस येतात, डोकं, छाती, पाय मोजतात, आणि मग ठरवतात. आपल्या महानगरपालिकेचा निरीक्षक हे करील? करायला गेला तर मालक ‘लॅब्रॅडॉर क्रॉस’ म्हणून हात वर करील आणि प्रकरण तिथेच मिटेल.

इथवर वाचून श्वानप्रेमी खूश होतील, पण त्यांच्या बाजूचंही एक वाक्य मला मान्य नाही. ‘जात वाईट नसते’ हे अर्धंच खरं आहे. २०२२मध्ये अमेरिकेत १८ हजारांहून अधिक कुत्र्यांचा अभ्यास झाला. एका कुत्र्याचं वागणं दुसऱ्यापेक्षा वेगळं का, यातला जेमतेम ९ टक्के वाटा जातीचा निघाला. हा आकडा आता प्रत्येक वादात फेकला जातो. पण तो आकडा स्वभावाचा आहे, चाव्याचा नाही. पॉमेरियन चावला तर टाके पडतात. रॉटवायलर चावला तर हात जातो. ज्या कुत्र्यांचे पूर्वज बैलांच्या अंगावर सोडायला आणि पुढे एकमेकांशी झुंजवायला वाढवले गेले, त्यांच्यातला एखादा बिथरला तर तो धरलेलं सोडत नाही, झटके देत राहतो. हे सांगणं म्हणजे कुत्र्याची बदनामी नाही. ट्रकचा परवाना स्कूटरपेक्षा वेगळा असतो, त्याने ट्रकची बदनामी होत नाही. वजनदार, ताकदवान कुत्रा पाळणाऱ्यावर जास्त अटी असाव्यात, असं कुत्र्यावर माया करणाऱ्यांनीच सगळ्यांत आधी म्हणायला हवं. आमच्या घरात चौदा वर्षं कुत्रा होता, मी हे मायेनेच म्हणते आहे.

मग तो रॉटवायलर चावला का? मी नंतर त्याच्याविषयी चौकशी केली. पिल्लू घरी आलं तेव्हा जेमतेम पस्तीस दिवसांचं होतं. आठ आठवड्यांच्या आत पिल्लू विकायचं नाही, असा केंद्राचा २०१७चा नियम आहे. तो कुणाला ठाऊक नव्हता, विकणाऱ्यालाही नसावा, किंवा असून नसल्यासारखा. आई आणि भावंडांमध्ये खेळताना पिल्लू चावा किती जोराचा घ्यायचा हे शिकतं, आणि तिसऱ्या आठवड्यापासून साधारण तिसऱ्या-चौथ्या महिन्यापर्यंत जगाशी त्याची ओळख होते: माणसं, आवाज, लहान मुलं, हलणाऱ्या पिशव्या. या कुत्र्याचे ते महिने बंद बाल्कनीत गेले. दिवसाचे नऊ-दहा तास तो तिथेच असायचा. ये-जा करणाऱ्यांवर गुरगुरायचा, म्हणून त्याला वर्तमानपत्राच्या सुरळीने मारून गप्प बसायला शिकवलं होतं. मालकीणबाई हे अभिमानाने सांगायच्या, “आता अजिबात गुरगुरत नाही.”

गुरगुरणं ही कुत्र्याची समज देण्याची पद्धत आहे. त्याआधीही तो सांगत असतो: ओठ चाटतो, तोंड फिरवतो, जांभई देतो, अंग ताठ करतो, डोळ्यांचा पांढरा भाग दिसू लागतो. ही भाषा येणारा माणूस पट्ट्याच्या दुसऱ्या टोकाला असता तर लिफ्टचं दार उघडण्याआधीच चार पावलं मागे सरकला असता. गुरगुरल्याबद्दल मार खाल्लेला कुत्रा मधल्या पायऱ्या गाळायला शिकतो आणि थेट चावतो. मग सगळे म्हणतात, काही कारण नसताना अचानक चावला. मला त्या कुत्र्याचंही वाईट वाटतं. आखूड किंवा जड साखळीला अवाजवी काळ बांधून ठेवणं १९६०च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याने गुन्हा आहे. पहिल्या गुन्ह्याचा दंड आजही १० ते ५० रुपये आहे.

धनगरांच्या वाड्यावर रात्री जाणारा माणूस लांबूनच हाळी देतो, “कुत्रं धरा हो!” गावात कुणाच्याही अंगणात पाऊल टाकण्याआधी विचारतात, “कुत्रं बांधलंय का?” या प्रश्नाला उत्तर देणारं कुणीतरी आत असतं, हे त्यात गृहीत आहे. कुत्रं कुणाचं, ते कसं आहे, कुणावर धावतं, हे घरधन्याला माहीत असतं, आणि त्याच्या ‘या, बांधलंय’ या शब्दावर माणूस आत येतो. शहरात आपण त्याऐवजी फाटकावर ‘कुत्र्यापासून सावध राहा’ ही पाटी लावली. पाटीने जबाबदारी येणाऱ्यावर ढकलली. पोस्टमन, गॅसवाला, कुरिअरचा पोरगा, धुणंभांडी करणारी बाई, सगळ्यांनी सावध राहायचं. लिफ्टमध्ये आणि जिन्यात तर पाटीसुद्धा नसते.

जुलै २०२५मध्ये मानखुर्दला काय झालं ते अनेकांनी व्हिडिओत पाहिलं. रिक्षात बसलेला अकरा वर्षांचा मुलगा, त्याच्यावर सोडलेला पिटबुल, हनुवटीला चावा, जिवाच्या आकांताने पळणारं पोर. आणि रिक्षात पुढे बसून हसणारा मालक. त्या हसण्यावर कुठल्या जातीची बंदी लागू होणार? त्याच्या हातात उद्या दुसऱ्या कुठल्या जातीचा कुत्रा दिला तर मुलं सुरक्षित होतील, असं कुणाला वाटतं का?

कायदा नाही असंही नाही. आपला प्राणी माणसाला इजा करणार नाही याची काळजी न घेणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २९१खाली गुन्हा आहे: सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा ५ हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. जुन्या दंड संहितेतही तो होता, कलम २८९. पण तो पोहोचतो कधी? मुंबईत नेपियन सी रोडवर २०१०मध्ये एका रॉटवायलरने एका वृद्ध गृहस्थांचे लचके तोडले. मालकाला तीन महिन्यांची शिक्षा झाली ती जानेवारी २०२३मध्ये. वरळीत २०१८मध्ये एका इमारतीच्या लिफ्टमध्ये शेजाऱ्याला कुत्रा चावला. मालकाला चार महिन्यांची शिक्षा झाली ती २०२५मध्ये. आधी तेरा वर्षं, मग सात. आणि वरळीतला तो कुत्रा हस्की होता. केंद्राच्या २३ जातींच्या यादीत हस्की नाही. यादी असती तरी तो लिफ्टमध्ये असताच. पण या दोन निकालांत मला आशाही दिसते, कारण दोन्ही ठिकाणी न्यायालयाने मालकाने काळजी घेतली होती का ते पाहिलं. मुद्दा एवढाच आहे की हे तेरा आठवड्यांत व्हायला हवं, आणि शिक्षेबरोबर जखमी माणसाच्या हातात काहीतरी पडायला हवं.

जर्मनीतल्या लोअर सॅक्सनी या राज्याने जातींची यादी ठेवलेली नाही. तिथे कुत्रा कुठल्याही जातीचा असो, त्याला मायक्रोचिप हवी, नोंदणी हवी, आणि त्याने कुणाला इजा केली तर भरपाई देणारा विमा हवा. २०१३पासून तिथे नव्याने कुत्रा पाळणाऱ्याला परीक्षाही द्यावी लागते: लेखी कुत्रा घरी आणण्याआधी, प्रत्यक्ष पहिल्या वर्षात. कुत्र्याची देहबोली वाचता येते का, रस्त्यात तो आवरता येतो का, हे बघतात. जर्मनीत आहे म्हणून आपल्याला झेपणार नाही, हे मला पटत नाही. आपल्याकडे पन्नास सीसीच्या गाडीलाही थर्ड पार्टी विमा लागतो, तो नसेल तर नाक्यावर पोलीस अडवतो. पन्नास किलोच्या कुत्र्यासाठी तसा विमा सक्तीचा का नसावा? मुंबई-पुण्यात पाळीव कुत्र्याला पालिकेचा परवाना घ्यावा लागतो, म्हणजे खिडकी आणि रजिस्टर आहेच. त्याच खिडकीवर चिपचा नंबर, विम्याची पावती आणि शिकवणीचं प्रमाणपत्र मागता येईल. ठरावीक वजनापुढच्या कुत्र्याला लिफ्ट, जिना आणि रस्त्यावर तोंडाची जाळी सक्तीची करता येईल, आणि अठरा वर्षांखालच्या मुलाच्या हातात त्याचा पट्टा देणं हा गुन्हा ठरवता येईल. वजनकाट्याशी वाद घालता येत नाही. ‘क्रॉस आहे’ म्हणून वजन लपत नाही.

विकणाऱ्याचंही तेच. पस्तीस दिवसांचं पिल्लू, चिप नाही, आईचा पत्ता नाही, इन्स्टाग्रामवर फोटो टाकून गाडीच्या डिकीत हातोहात व्यवहार. माझ्या मते हल्ल्याचं मूळ इथे आहे, आणि इथे धाड घालायला कुठलीही यादी लागत नाही, २०१७चे नियम पुरेत.

एक गोष्ट सांगितल्याशिवाय हा विषय पुरा होत नाही. २०२४मध्ये देशात कुत्रा चावल्याच्या ३७ लाखांहून अधिक घटनांची नोंद झाली, आणि महाराष्ट्र त्यात सगळ्यांत पुढे होता, ४ लाख ८० हजारांहून अधिक. यातले बहुतेक चावे कुठल्या परदेशी जातीचे नाहीत, रस्त्यावरच्या कुत्र्यांचे आहेत. तिथला प्रश्न निर्बीजीकरणाचा, लसीकरणाचा, कचऱ्याचा आहे आणि २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयात त्यावर जे आदेश झाले त्याला वेगळा लेख लागेल. पण त्यातली एक गोष्ट मला इथे हवी आहे. नोव्हेंबर २०२३मध्ये पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने मोकाट कुत्र्यांच्या चाव्यासाठी सरकारने भरपाई कशी द्यावी याचं माप ठरवलं: दाताच्या प्रत्येक खुणेमागे किमान १० हजार रुपये, आणि मांस निघालं असेल तर ०.२ सेंटिमीटर जखमेमागे किमान २० हजार. ज्या कुत्र्याला मालक नाही त्याच्या चाव्याचं मोल ठरू शकतं, तर ज्याला मालक आहे, घर आहे, त्याच्या चाव्याचं का ठरू नये?

मावशींच्या हातावर दातांच्या सहा खुणा आहेत, आणि एक ठिकाण असं आहे जिथे त्वचा आत ओढल्यासारखी राहिली आहे. लाटणं धरताना अंगठा अजून पूर्ण वळत नाही, त्या पोळ्या आता डाव्या हाताचा जोर लावून लाटतात. कुत्र्याला मालकाने गावी कुणाच्या तरी फार्महाउसवर पाठवलं, तिथे तो साखळीला आहे असं कळलं.

येत्या रविवारी सोसायटीची सर्वसाधारण सभा आहे. जातींची नावं असलेला तो ठराव रद्द करावा आणि त्याऐवजी चिप, विमा, जाळी आणि पट्टा धरणाऱ्याचं वय हे चार मुद्दे घ्यावेत, असा अर्ज मी दिला आहे. मॅस्टिफ क्रॉसवाल्यांनी त्यावर सही केली आहे, त्यांना शिकवणीचा पत्ताही मी दिला. अर्जात पहिला मुद्दा मात्र वेगळा आहे: मावशींची अकरा दिवसांची मजुरी, ज्या दोन घरांनी कापली तिथली.